नोकरभरतीची परीक्षा न्यायालयाच्या कसोटीवर

सरकारी नोकरीची जाहिरात निघाली की मोजक्या जागांसाठी हजारो अर्ज येतात, हे चित्र आता कोणालाही नवीन नाही. पुण्यातील सदाशिव पेठेच्या अभ्यासिकांत, नागपूरच्या वसतिगृहांत आणि जिल्ह्याच्या गावांतील वाचनालयांत बसलेले तरुण ऐन उमेदीची चार-सहा वर्षे या परीक्षांना देतात. निकालाच्या यादीत नाव नसणे हाच त्यांपैकी बहुतेकांचा अनुभव असतो. मात्र तयारी कमी पडल्यामुळे नाव गळणे वेगळे आणि परीक्षाच सदोष असल्यामुळे नाव गळणे वेगळे. दुसऱ्या प्रकारात उमेदवाराला न्यायालयाचे दार ठोठावता येते.

हे दार नेमके कशासाठी उघडते, याबद्दल मात्र पुष्कळ गैरसमज आहेत. आपली उत्तरपत्रिका न्यायाधीशांनी पुन्हा तपासावी, आपली गुणवत्ता त्यांनी ठरवावी, अशी अपेक्षा घेऊन येणाऱ्यांची बहुधा निराशा होते. गेल्या पन्नास-पंचावन्न वर्षांच्या निकालांतून एक सूत्र स्पष्ट दिसते. कोण लायक, हे ठरवण्याचे काम न्यायालय निवड मंडळाकडेच ठेवते. ते ठरवताना मंडळ नियमाने, समान मापाने आणि निःपक्षपातीपणे वागले की नाही, एवढेच पाहते. हा फरक ओळखून वेळेत दाद मागणाऱ्यांना बऱ्याचदा न्याय मिळाला आहे. जे उशिरा आले किंवा ज्यांनी चुकीची मागणी केली, त्यांची तक्रार खरी असूनही ते हरले आहेत.

न्याय्य विचाराचा हक्क

राज्यघटनेचा अनुच्छेद १४ कायद्यापुढील समानतेची हमी देतो, तर अनुच्छेद १६ सरकारी नोकरीत सर्वांना समान संधी देतो. नोकरी मिळालीच पाहिजे असा हक्क मात्र यातून निर्माण होत नाही. निवड यादीत नाव आले तरी नेमणुकीचा अबाधित हक्क मिळत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने १९९१ साली ‘शंकरसन दाश’ खटल्यात स्पष्ट केले. त्याच निकालाने सरकारलाही एक मर्यादा घातली. जागा रिकाम्या ठेवायच्या असतील तर त्यामागे सयुक्तिक कारण हवे. मनमानीपणे यादी बाजूला सारता येणार नाही. उमेदवाराचा हक्क आहे तो आपला विचार न्याय्य रीतीने व्हावा, हा.

समानतेच्या या कल्पनेला १९७४ साली ‘रोयप्पा’ खटल्याने व्यापक अर्थ दिला. समानता आणि मनमानी या परस्परविरोधी गोष्टी आहेत, जेथे मनमानी तेथे समानतेचा भंग, अशी भूमिका न्यायालयाने घेतली. परीक्षेविरुद्धच्या बहुतेक याचिका आजही याच पायावर उभ्या राहतात.

हे बंधन केवळ मंत्रालयातील खात्यांपुरते नाही. तेल व नैसर्गिक वायू आयोग, आयुर्विमा महामंडळ आणि औद्योगिक वित्त महामंडळ ही घटनेच्या अनुच्छेद १२ नुसार ‘राज्य’ या संज्ञेत मोडतात, असा निर्णय १९७५ साली झाला. १९७९ च्या आंतरराष्ट्रीय विमानतळ प्राधिकरणाच्या खटल्यात सरकारचे अंग म्हणून काम करणारी संस्था कशी ओळखावी, याचे निकष घालून देण्यात आले. त्यामुळे सार्वजनिक बँका, विमा कंपन्या, वीज कंपन्या आणि सरकारी उपक्रम यांच्या निवड परीक्षाही समानतेच्या कसोटीला उतराव्या लागतात.

उमेदवारच निवड मंडळावर

निवड प्रक्रियेच्या निःपक्षपातीपणाचा पाया घालणारा निकाल १९६९ सालचा आहे. भारतीय वनसेवेसाठी जम्मू-काश्मीरमधील अधिकाऱ्यांची निवड करायची होती. निवड मंडळावर राज्याचे प्रभारी मुख्य वनसंरक्षक होते आणि ते स्वतःही उमेदवार होते. त्यांच्या नावाचा विचार झाला तेव्हा ते बैठकीतून बाहेर गेले. परंतु प्रतिस्पर्ध्यांच्या नावांवरील चर्चेत आणि अंतिम यादी तयार करण्यात त्यांचा सहभाग होता. ‘क्रैपक’ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ती निवड रद्द ठरवली.

प्रत्यक्ष पक्षपात झाला, हे सिद्ध करण्याची गरज नाही, पक्षपाताची वाजवी शक्यता पुरेशी आहे, हा या निकालाचा गाभा. नैसर्गिक न्यायाची तत्त्वे केवळ न्यायालयीन कामकाजाला लागू होतात, प्रशासकीय निर्णयांना नाहीत, हा जुना भेदही येथे पुसट झाला.

लोकसेवा आयोगांच्या बाबतीत मात्र न्यायालयाने व्यवहार्य मार्ग काढला. आयोग ही घटनेने निर्माण केलेली संस्था. तिच्या सदस्याचा नातेवाईक उमेदवार असेल तर सदस्याच्या जागी दुसरा माणूस बसवता येत नाही. म्हणून संबंधित सदस्याने त्या उमेदवाराच्या मुलाखतीपुरते बाजूला व्हावे, त्याच्याविषयीच्या चर्चेत भाग घेऊ नये आणि त्याचे गुणही त्या सदस्याला कळू नयेत, असे १९८५ च्या ‘अशोककुमार यादव’ निकालात सांगण्यात आले.

मुलाखतीचे गुण किती?

लेखी परीक्षेत उमेदवाराचे नाव झाकलेले असते. मुलाखतीत चेहरा, आडनाव, भाषा सारे समोर असते. म्हणूनच मुलाखतीला किती गुण असावेत, हा प्रश्न न्यायालयापुढे वारंवार आला.

श्रीनगरच्या प्रादेशिक अभियांत्रिकी महाविद्यालयातील प्रवेशासंबंधीचा १९८१ चा ‘अजय हासिया’ खटला यात महत्त्वाचा ठरला. तेथे लेखी परीक्षेला १०० आणि मुलाखतीला ५० गुण होते. शिवाय एकेका उमेदवाराची मुलाखत दोन-तीन मिनिटांत उरकल्याची तक्रार होती. एकूण गुणांपैकी एक तृतीयांश गुण मुलाखतीला ठेवणे मनमानीचे आहे, विशेष कारण नसेल तर हे प्रमाण १५ टक्क्यांहून अधिक असू नये, असे न्यायालयाने म्हटले. मुलाखती ध्वनिमुद्रित कराव्यात, ही सूचनाही त्याच निकालातील आहे. खटला प्रवेशाचा असला तरी नोकरभरतीच्या वादांत त्याचा आधार पुढे सतत घेतला गेला.

नोकरीच्या बाबतीत एकच टक्केवारी सर्वत्र लावता येणार नाही, हेही न्यायालयाने त्याच वर्षी सांगितले. राजस्थानातील कनिष्ठ न्यायाधीशांच्या निवडीत मुलाखतीला २५ टक्के गुण होते. ‘लीलाधर’ खटल्यात हे प्रमाण वैध ठरले. शाळा-महाविद्यालयातून नुकत्याच बाहेर पडलेल्या मुलांची पारख आणि प्रौढ, अनुभवी उमेदवाराच्या व्यक्तिमत्त्वाची पारख यांत फरक असतो, असे त्यामागील कारण होते.

हरियाणाच्या नागरी सेवेतील निवडीचा ‘अशोककुमार यादव’ खटला या वादाचा कळस म्हणता येईल. सर्वसाधारण उमेदवारांसाठी ९०० पैकी २०० आणि माजी सैनिक अधिकाऱ्यांसाठी ६०० पैकी २०० गुण मुलाखतीला होते. म्हणजे अनुक्रमे २२.२ आणि ३३.३ टक्के. एवढ्या गुणांनी काय होऊ शकते, हे साध्या हिशेबाने कळते. समजा, ७०० गुणांच्या लेखी परीक्षेत एकाला ४२० आणि दुसऱ्याला ३७० गुण मिळाले. मुलाखतीत पहिल्याला ६० आणि दुसऱ्याला १५० दिले की लेखी परीक्षेतील ५० गुणांची आघाडी पुसली जाऊन दुसरा ४० गुणांनी पुढे जातो. दोन वर्षांचा अभ्यास काही मिनिटांत मागे पडतो.

या निवडीत ११९ जागांसाठी १३०० हून अधिक उमेदवारांना मुलाखतीला बोलावले होते. मुलाखतीसाठी जागांच्या दुप्पट, फार तर तिप्पट उमेदवार बोलवावेत, असे न्यायालयाने सांगितले आणि मुलाखतीचे गुण केंद्रीय लोकसेवा आयोगाप्रमाणे १२.२ टक्क्यांच्या मर्यादेत ठेवण्याची शिफारस केली. मात्र झालेली निवड रद्द केली नाही. सुधारणा पुढील परीक्षांना लागू झाली. तत्त्वाचा विजय झाला, तरी याचिकाकर्त्यांच्या हाती नेमणूक पडली नाही. या क्षेत्रातील खटल्यांत हे पुढेही अनेकदा घडले.

केंद्र सरकारने १ जानेवारी २०१६ पासून गट ‘क’ आणि अराजपत्रित गट ‘ब’ पदांसाठी मुलाखती बंद केल्या. त्यामुळे वादाचा हा भाग वरिष्ठ पदांपुरता आकसला. प्रश्नांचा रोख लेखी आणि ऑनलाइन परीक्षांकडे वळला.

खेळ सुरू झाल्यावर नियम बदलणे

आंध्र प्रदेशात जिल्हा न्यायाधीशांच्या दहा जागांची निवड सुरू होती. लेखी परीक्षा झाली, मुलाखती आटोपल्या आणि त्यानंतर मुलाखतीतही किमान गुण मिळवणे आवश्यक असल्याचा निकष लावण्यात आला. लेखी परीक्षेत चांगले गुण मिळवलेले काही उमेदवार त्यामुळे बाहेर पडले. २००८ च्या ‘के. मंजुश्री’ निकालात सर्वोच्च न्यायालयाने हा बदल अवैध ठरवला. खेळ सुरू झाल्यानंतर त्याचे नियम बदलता येत नाहीत, हे वाक्य तेव्हापासून भरतीच्या प्रत्येक खटल्यात उच्चारले जाते.

यावर अंतिम शिक्कामोर्तब ७ नोव्हेंबर २०२४ रोजी झाले. राजस्थान उच्च न्यायालयातील अनुवादकांच्या १३ जागांसाठी २१ उमेदवारांनी परीक्षा दिली होती. नंतर ७५ टक्के किमान गुणांची अट लावण्यात आली आणि केवळ तिघे पात्र ठरले. ‘तेजप्रकाश पाठक’ खटल्यात पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने पुढील मुद्दे निश्चित केले. भरतीची प्रक्रिया जाहिरातीने सुरू होते आणि जागा भरल्या गेल्यावर संपते. आरंभी जाहीर केलेले पात्रतेचे निकष, नियमांनी किंवा जाहिरातीने तशी मुभा दिली नसेल तर, मध्येच बदलता येत नाहीत. मुभा असली तरी बदल मनमानी नसावा.

परीक्षेच्या टप्प्यांसाठी किमान गुणांसारखे मापदंड ठरवण्यास मंडळाला वाव आहे, हेही याच निकालात नमूद आहे. फक्त ते मापदंड तो टप्पा येण्यापूर्वी ठरलेले असावेत. पेपर झाल्यावर, कोणाला किती गुण पडले हे दिसत असताना, रेषा ओढणे मान्य नाही.

प्रत्येक बदल न्यायालयातच सुटतो असे मात्र नाही. महाराष्ट्र लोकसेवा आयोगाने राज्यसेवा मुख्य परीक्षा वर्णनात्मक करण्याचे ठरवले, तेव्हा तयारीला वेळ मिळावा म्हणून पुण्यात विद्यार्थ्यांनी आंदोलन केले. फेब्रुवारी २०२३ मध्ये आयोगाने नवी पद्धत २०२५ पासून लागू करण्याचे जाहीर केले. न्यायालयीन तत्त्व आणि विद्यार्थ्यांची मागणी यांचा आशय एकच होता: बदल करा, पण पूर्वसूचना द्या.

उत्तरतालिका चुकीची असेल तर

पर्यायी प्रश्नांच्या परीक्षेत एका प्रश्नाने शेकडो उमेदवारांचे भवितव्य बदलते. तालिकेतील उत्तर चुकीचे असेल तर बरोबर उत्तर लिहिणारा दुहेरी मार खातो. त्याचा गुण जातो आणि उणे गुणपद्धत असेल तर आणखी काही अंश कापला जातो.

याबाबतचा मूळ दंडक १९८३ च्या कानपूर विद्यापीठाच्या खटल्यातून आला. तालिका बरोबर असल्याचे गृहीत धरले जाईल. ती चुकीची आहे असे म्हणणाऱ्याने ते स्वच्छपणे दाखवून दिले पाहिजे. तर्काची लांब साखळी जोडून किंवा वेगवेगळे अर्थ लावून चूक सिद्ध करता येणार नाही. त्या विषयातील कोणताही जाणकार जे उत्तर बरोबर मानणार नाही, इतकी ती चूक उघड हवी. त्या खटल्यात मान्यताप्राप्त पाठ्यपुस्तकांच्या आधारे चूक दाखवता आली आणि विद्यार्थी जिंकले.

पुनर्मूल्यांकनाच्या मागणीला मात्र न्यायालये सहसा दाद देत नाहीत. येथे महाराष्ट्राच्या एका खटल्याचा मोठा वाटा आहे. राज्याच्या माध्यमिक व उच्च माध्यमिक शिक्षण मंडळाचा पुनर्मूल्यांकनास मनाई करणारा नियम मुंबई उच्च न्यायालयाने रद्द केला होता. १९८४ साली सर्वोच्च न्यायालयाने हा निर्णय फिरवला. परीक्षांचे निकाल कधीतरी अंतिम झाले पाहिजेत आणि शैक्षणिक बाबतीत तज्ज्ञांच्या मताचा मान राखला पाहिजे, असे त्यामागील विवेचन होते. पुढे भरती परीक्षांनाही हेच तत्त्व लागू झाले.

उत्तर प्रदेशातील शिक्षक भरतीसंबंधीच्या ‘रणविजय सिंह’ खटल्यात, डिसेंबर २०१७ मध्ये, न्यायालयाने या विषयाचा सारांश मांडला. नियमात तरतूद असेल तर पुनर्मूल्यांकन व्हावे. नसेल तर चूक अगदी ठळक असल्यासच आणि क्वचितच. न्यायाधीशांनी स्वतः उत्तरे तपासू नयेत. शंका राहिली तर फायदा परीक्षा घेणाऱ्या संस्थेला मिळावा. सहानुभूतीला येथे स्थान नाही. ही भरती २००९ साली जाहीर झाली होती. निकाल येईपर्यंत आठ वर्षांहून अधिक काळ गेला आणि त्या काळात नेमणुका मिळालेले व न मिळालेले, दोघेही अधांतरी राहिले.

उमेदवाराच्या हाती एक साधन मात्र आले. २०११ साली सर्वोच्च न्यायालयाने माहिती अधिकार कायद्याखाली स्वतःची तपासलेली उत्तरपत्रिका पाहण्याचा हक्क मान्य केला. परंतु २०१८ साली केंद्रीय लोकसेवा आयोगाच्या नागरी सेवा परीक्षेबाबत ही माहिती यांत्रिकपणे देता येणार नाही, असे सांगून न्यायालयाने त्या हक्काला मर्यादा घातली.

अनेक सत्रांत होणाऱ्या ऑनलाइन परीक्षांमुळे गुणांच्या समानीकरणाचा प्रश्नही पुढे आला आहे. त्याच्या जवळचा एक वाद २००७ साली निकालात निघाला. उत्तर प्रदेश लोकसेवा आयोगाने दिवाणी न्यायाधीशांच्या परीक्षेत सर्वांना समान विषय असतानाही गुणांचे प्रमाणीकरण केले होते. सर्वांचे विषय एकच असतील तर परीक्षकांमधील तफावत दूर करण्यासाठी ही पद्धत योग्य नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने ठरवले. आधीच झालेल्या नेमणुकांना मात्र धक्का लावला नाही.

सर्व परीक्षा रद्द करावी का?

पेपर फुटला किंवा गुण विकले गेले तर प्रामाणिक उमेदवारांचे काय करायचे, हा या क्षेत्रातील सर्वांत अवघड प्रश्न. परीक्षा रद्द केली तर निरपराधांना शिक्षा होते; ठेवली तर लबाडांना नोकरी मिळते.

न्यायालयाची कसोटी आहे ती गहू आणि खडे वेगळे करता येतात का, ही. केंद्रीय अन्वेषण विभागातील शिपायांच्या १३४ जागांच्या भरतीत ३१ उमेदवारांच्या निवडीत दोष आढळले आणि संपूर्ण यादीच रद्द करण्यात आली. दोषी नावे वेगळी करता येत असताना सर्वांना घरी पाठवणे समर्थनीय नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २००३ साली ठरवले. पंजाब लोकसेवा आयोगातील २००२ च्या लाचखोरी प्रकरणानंतर झालेल्या सरसकट बडतर्फीबाबतही २००६ साली न्यायालयाने हीच दिशा दाखवली.

दोष सर्वत्र पसरला असेल तर निकाल उलट लागतो. पश्चिम बंगालमधील २०१६ च्या शाळा सेवा आयोगाच्या भरतीत मूळ ओएमआर उत्तरपत्रिका नष्ट झाल्या होत्या. कोणाचे गुण खरे, हे पडताळण्याचा मार्गच उरला नव्हता. कोलकाता उच्च न्यायालयाने एप्रिल २०२४ मध्ये दिलेला निर्णय मुख्यतः कायम ठेवत सर्वोच्च न्यायालयाने ३ एप्रिल २०२५ रोजी २५,७५३ शिक्षक आणि शिक्षकेतर कर्मचाऱ्यांच्या नेमणुका रद्द केल्या. गैरप्रकारात नाव आलेल्यांना वेतन परत करण्यास सांगितले गेले, इतरांना त्यातून वगळले. निर्दोष शिक्षकांना त्या वर्षाच्या अखेरपर्यंत कामावर राहण्याची मुभा नंतर देण्यात आली. परंतु नोकरी टिकवायची तर पुन्हा परीक्षा देणे त्यांनाही भाग पडले.

महाराष्ट्रालाही या दुखण्याची ओळख आहे. आरोग्य विभागाची २०२१ ची भरती परीक्षा पेपरफुटीनंतर रद्द करावी लागली. अशा प्रकारांसाठी केंद्राचा सार्वजनिक परीक्षा कायदा २१ जून २०२४ पासून अमलात आला. संघटित गुन्ह्यासाठी त्यात पाच ते दहा वर्षांची कैद आणि किमान एक कोटी रुपये दंडाची तरतूद आहे. हा कायदा गुन्हेगाराला शिक्षा देतो. वाया गेलेल्या वर्षाची भरपाई उमेदवाराला त्यातून मिळत नाही.

सर्वांना एकच माप, तरी अन्याय

आतापर्यंतच्या खटल्यांत नियम मोडल्याची तक्रार होती. परंतु नियम तंतोतंत पाळूनही चाचणी अन्यायकारक असू शकते. कामाशी संबंध नसलेली अट एखाद्या गटालाच मोठ्या प्रमाणावर बाहेर ठेवत असेल, तर तो अप्रत्यक्ष भेदभाव ठरतो.

या विचाराचे एक ठळक उदाहरण कॅनडातील आहे. ब्रिटिश कोलंबिया प्रांताच्या वनखात्यात वणवा विझवण्याचे काम समाधानकारकपणे करणाऱ्या एका महिलेला नव्या नियमानुसार अडीच किलोमीटर अंतर ११ मिनिटांत धावण्याची चाचणी द्यावी लागली. तिला ४९.४ सेकंद जास्त लागले आणि नोकरी गेली. हे माप सुरक्षितपणे काम करण्यासाठी आवश्यक असल्याचे सरकारला दाखवता आले नाही, म्हणून १९९९ साली तेथील सर्वोच्च न्यायालयाने तिला पुन्हा कामावर घेण्याचा आदेश कायम केला.

भारतात हा विचार मार्च २०२१ मध्ये ‘नितीशा’ खटल्यात स्पष्टपणे स्वीकारला गेला. लष्करातील महिला अधिकाऱ्यांना कायम सेवेसाठी वैद्यकीय तंदुरुस्तीची अट लावण्यात आली होती. पुरुष अधिकाऱ्यांचा विचार सेवेच्या पाचव्या किंवा दहाव्या वर्षी झाला होता. महिलांना ती संधी त्या वेळी नाकारली गेली आणि मग चाळिशीच्या आसपास तेच माप लावले गेले. वरकरणी समान दिसणारी ही पद्धत भेदभाव करणारी असल्याचे न्यायालयाने म्हटले.

अपंग उमेदवारांच्या बाबतीतही मोजमापाची पद्धत हाच वादाचा मुद्दा होता. लिहिताना हाताला त्रास होणाऱ्या उमेदवारास अपंगत्वाचे ४० टक्क्यांचे प्रमाणपत्र नसले तरी लेखनिक मिळू शकतो, असा निर्णय फेब्रुवारी २०२१ मध्ये केंद्रीय लोकसेवा आयोगाविरुद्धच्या खटल्यात झाला. दृष्टिहीनांना न्यायिक सेवेतून वगळणारा मध्य प्रदेशचा नियम ३ मार्च २०२५ रोजी रद्द झाला.

चाचणी कामाशी कितपत निगडित आहे, हा प्रश्न इतरत्रही जिवावर बेतला आहे. २०१४ साली मुंबईतील पोलीस भरतीत पाच किलोमीटर धावताना काही उमेदवारांचा मृत्यू झाला. पुढे हे अंतर कमी करण्यात आले.

दाद कोठे आणि केव्हा मागावी?

राज्य शासनाच्या पदांविषयीचा वाद महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणापुढे, म्हणजे ‘मॅट’पुढे जातो. मुंबईखेरीज नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर येथे त्याची खंडपीठे आहेत. रेल्वे, टपाल आणि केंद्रीय खात्यांसाठी केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरण आहे. सार्वजनिक बँका, आयुर्विमा महामंडळ, महापालिका यांच्या भरतीसाठी अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयात रिट याचिका करावी लागते. न्यायाधिकरणाच्या निर्णयाविरुद्ध उच्च न्यायालयात जाता येते, हे १९९७ च्या ‘एल. चंद्रकुमार’ निकालाने निश्चित झाले आहे.

न्यायाधिकरणात अर्ज करण्याची मुदत सर्वसाधारणपणे अंतिम आदेशापासून एक वर्षाची आहे. उच्च न्यायालयात ठरावीक मुदत नसली तरी विलंब हेच याचिका फेटाळण्याचे कारण होऊ शकते. तोवर इतरांच्या नेमणुका होतात आणि स्थिरावलेली घडी मोडण्यास न्यायालय सहसा तयार नसते.

त्याहून मोठा अडथळा मौनाचा आहे. परीक्षेची पद्धत चुकीची वाटत असतानाही उमेदवार मुकाट्याने परीक्षेला बसला आणि नापास झाल्यावर तक्रार करू लागला, तर त्याला दाद मिळत नाही, असे १९८६ आणि १९९५ च्या निकालांनी ठरवले आहे. हा नियम कठोर आहे, कारण जाहिरातीच्या वेळीच भांडणारा उमेदवार विरळा. २०१९ साली बिहारमधील वैद्यकीय अधिकाऱ्यांच्या भरतीच्या खटल्यात न्यायालयाने त्याची धार थोडी बोथट केली. उमेदवार प्रक्रियेला संमती देतो, त्यातील बेकायदेशीरपणाला नाही, असे तेथे मान्य करण्यात आले. तरीही या अपवादावर विसंबण्यापेक्षा आक्षेप वेळीच लेखी नोंदवणे श्रेयस्कर.

तांत्रिक चुकीनेही याचिका बाद होतात. ज्यांची निवड रद्द व्हावी अशी मागणी आहे, त्यांना किंवा निदान त्यांच्यापैकी काहींना प्रतिवादी करावे लागते. त्यांचे म्हणणे न ऐकता त्यांची नोकरी काढून घेता येत नाही, हे १९८४ पासून प्रस्थापित आहे.

पदरात काय पडते?

न्यायालय थेट नेमणुकीचा आदेश क्वचितच देते. चुकीचा प्रश्न वगळून गुणांची फेरमोजणी, नव्या मंडळापुढे पुन्हा मुलाखत, मूळ निकषांनुसार नवी यादी किंवा वाद संपेपर्यंत एखादी जागा रिक्त ठेवण्याचा अंतरिम आदेश, असे दिलासे अधिक आढळतात. यांपैकी शेवटचा वेळेवर मिळाला नाही तर बाकीचे बऱ्याचदा कागदावरच राहतात, कारण जागाच उरलेली नसते. राज्यसेवेसाठी खुल्या वर्गाची कमाल वयोमर्यादा सर्वसाधारणपणे ३८ वर्षे आहे. आठ वर्षे चाललेला खटला जिंकणाऱ्याचे वय तोवर उलटून जाण्याची भीती असते.

म्हणून सजग उमेदवाराने काही कागद पहिल्या दिवसापासून जपावेत: मूळ जाहिरात आणि तिची शुद्धिपत्रके, प्रवेशपत्र, उत्तरपत्रिकेची प्रत, पहिली आणि अंतिम उत्तरतालिका, हरकत नोंदवल्याची पावती आणि प्रत्येक निवेदनाची पोच. जाहिरातीतील कोणती अट केव्हा आणि कोणी बदलली, हे या कागदांवरूनच सिद्ध होते. त्या बळावर काही दिवसांत दाखल झालेली याचिका, पेपर कठीण होता किंवा परीक्षकाने गुण कमी दिले, असे सांगणाऱ्या मोठ्या याचिकेपेक्षा अधिक टिकते.